आईच्या आईचं नाव काय?

प्रति,
अमेरिकेत संसार थाटलेल्या आणि आई-वडिलांना चार-सहा महिने तिकडे बोलावू पाहणाऱ्या मराठी मुलामुलींस,

सप्रेम नमस्कार.

मी लातूरची. जन्मभर शाळेत इंग्रजी शिकवलं. निवृत्त झाल्यावर शेजारच्या एका जोडप्याचा अमेरिकेच्या व्हिसाचा फॉर्म भरून दिला. त्यांनी दुसऱ्याला सांगितलं, दुसऱ्यांनी तिसऱ्याला, आणि आता औसा-निलंग्याकडूनही लोक पत्ता विचारत येतात. पैसे घेत नाही. घरात कॉम्प्युटर आहे, प्रिंटर आहे, संध्याकाळ मोकळी असते. हे पत्र तुम्हाला लिहितेय, कारण यातले बहुतेक फॉर्म माझ्याकडे येतात ते तुम्ही भरून झाल्यावर. आई-बाबा फक्त 'आत काय लिहिलंय' एवढं विचारायला येतात.

गेल्या महिन्यात मागच्या गल्लीतल्या एक बाई अशाच आल्या. प्लास्टिकच्या पिशवीत पासपोर्ट आणि प्रिंटचा गठ्ठा. मुलाने टेक्सासहून फॉर्म भरून पाठवला होता, मुंबईची मुलाखत बारा दिवसांवर होती. म्हणाल्या, "बाई, एकदा वाचून दाखवा. साहेबानं विचारलं तर मला बोलता यायला हवं." मी एकेक पान मराठीत सांगत गेले. त्या मान डोलावत होत्या. आई-वडिलांच्या पानावर आलो. आईचं नाव: माहीत नाही. आईची जन्मतारीख: माहीत नाही. वडिलांचंही तसंच.

बाईंनी मला थांबवलं. "माहीत नाही असं कोण म्हणालं?"

मी सांगितलं, मुलाने खूण केलीय. त्या काही बोलल्या नाहीत. मग आपल्या आईचं माहेरचं नाव, सासरचं नाव, बापाचं नाव, गाव, सगळं एका दमात सांगितलं आणि म्हणाल्या, "त्यानं एकदा विचारलं असतं तर सांगितलं नसतं का मी?"

मुलांनो, मला तुम्हाला एवढंच सांगायचं आहे. विचारा. बाकी सगळं पत्र हे का विचारायचं आणि काय विचारायचं, याबद्दल आहे.

डीएस-१६० हा व्हिसाचा ऑनलाइन फॉर्म तुम्हाला ठाऊक आहे, तुमच्यापैकी अनेकांनी स्वतःसाठी तो भरलेला आहे. त्यामुळे तुम्ही तो झपाट्याने भरता. ऑफिस झालेलं असतं, लेकरं झोपलेली असतात, आई-बाबांच्या पासपोर्टचा फोटो व्हॉट्सअ‍ॅपवर आलेला असतो, आणि रात्री अकरापर्यंत हे एकदाचं संपवायचं असतं. वीस मिनिटं हात लावला नाही की साइट बाहेर काढते, म्हणून घाईही होते. हे मला कळतं. तुमची तळमळ खोटी आहे असं मी कधीच म्हणणार नाही. पण फॉर्मच्या शेवटी जी सही आहे ती तुमची नाही. नियम स्पष्ट आहे: फॉर्म दुसऱ्या कुणी तयार करून दिला तरी शेवटचं सबमिटचं बटण अर्जदाराने स्वतः दाबायचं असतं. त्या बटणाच्या वर लिहिलेलं असतं की यातलं सगळं मी वाचलंय, समजलंय आणि ते खरं आहे. तुमची आई हे शपथेवर सांगते. तिने वाचलेलं नसताना.

फॉर्म भरायला मदत घेण्यात काही वावगं नाही, हेही लक्षात घ्या. 'फॉर्म भरायला कुणी मदत केली का' असा प्रश्नच तिथे आहे. बहुतेक जण घाबरून 'नाही' लिहितात. का? 'होय' म्हणा, आपलं नाव लिहा. आईला मुलाने मदत केली यात लपवण्यासारखं काय आहे?

आता नावाचं घ्या. 'तुम्ही पूर्वी दुसरं कोणतं नाव वापरलं आहे का?' तुमच्यापैकी निम्मे तरी इथे 'नाही' म्हणून पुढे जातात. अहो, आपल्याकडे लग्नात बाईचं आडनावच काय, पाळण्यातलं नावही बदलायचे. ताटात तांदूळ पसरून अंगठीने नवं नाव लिहायचे. माझंच घ्या. दहावीच्या प्रमाणपत्रावर मी एक आहे आणि पासपोर्टवर दुसरी. मधलं नाव आधी वडिलांचं, मग नवऱ्याचं. म्हणजे तीनही शब्द वेगळे, आणि बाई तीच. तुमच्या आईचंही असंच असण्याची दाट शक्यता आहे. तिच्या जुन्या दाखल्यांवर, बँकेच्या पासबुकावर, शेतीच्या सातबाऱ्यावर कोणतं नाव आहे हे तुम्ही तिला विचारल्याशिवाय कळणार नाही. फॉर्मला दोन्ही नावं चालतात, तिथे त्यासाठी जागाही आहे. 'नाही' लिहिलंत तर ती माहेरची मुलगी कागदावरून पुसली जाते, आणि वर ते उत्तर खोटंही ठरतं.

जन्मतारखेचं उलटं होतं. आमच्या पिढीतल्या हजारोंचा जन्म कागदावर १ जूनचा आहे, कारण शाळेत नाव घालताना गुरुजींनी तीच तारीख टाकली. माझी १ जून, आमच्या ह्यांचीही १ जून. एका मुलीने आईचा खरा वाढदिवस कोजागरीला असतो म्हणून फॉर्मवर ऑक्टोबरची तारीख घातली होती. प्रेमानेच घातली होती. पण फॉर्म पासपोर्टशी जुळला पाहिजे. तिथे १ जूनच लिहा, आणि कोजागरीला आईला फोन करा.

आणि जन्मस्थळ! यावर मी तासभर बोलू शकते. औसा तालुक्यातल्या एका खेड्यात १९५४ साली जन्मलेल्या माणसाचा हिशेब सांगते. तेव्हा ते गाव हैदराबाद राज्यात होतं, जिल्हा उस्मानाबाद. १ नोव्हेंबर १९५६ ला मराठवाडा मुंबई राज्यात आला. १ मे १९६० ला महाराष्ट्र झाला. १६ ऑगस्ट १९८२ ला लातूर जिल्हा वेगळा निघाला. ज्या उस्मानाबादेतून तो निघाला त्याचं आता धाराशिव झालं आहे. माणूस गाव सोडून कुठे गेला नाही आणि कागद मात्र बदलत राहिले. कुणाच्या पासपोर्टवर उस्मानाबाद असतं, कुणाच्या लातूर, कुणाच्या नुसतं तालुक्याचं नाव. जालन्याचं असंच, सिंधुदुर्गाचं असंच, दोन्ही जिल्हे १९८१ चे. पासपोर्टवर जे आहे तेच फॉर्मवर घाला. पण तुमच्या वडिलांना हे आधी समजावून सांगा, नाहीतर खिडकीपलीकडून 'जन्म कुठे झाला' असं विचारल्यावर ते खऱ्या गावाचं नाव सांगतील, कागदावर दुसरं असेल, आणि ते गोंधळून जातील. ते गोंधळतात तेव्हा खोटं बोलत नसतात. त्यांना फक्त कुणी सांगितलेलं नसतं.

पुढे सुरक्षेची पानं येतात. तिथे तर तुम्ही वाचतसुद्धा नाही. एका ओळीत 'नाही, नाही, नाही' करत सुटता. दहशतवाद, नरसंहार, मनी लाँडरिंग, माणसांची तस्करी, वेश्याव्यवसाय, लहान मुलांना सैनिक करणं. आपल्या आईला असलं कशाला विचारायचं, असं तुम्हाला वाटतं. पण त्याच पानांत हाही प्रश्न आहे: 'तुम्हाला कधी अटक झाली आहे का?'

आमच्याकडे एक निवृत्त कारकून आले होते. मुलगा सिएटलला. फॉर्मवर अटकेच्या प्रश्नाला 'नाही'. मी सवयीने मोठ्याने वाचलं, तर ते म्हणाले, "झाली होती की." मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव द्यावं म्हणून जे आंदोलन झालं, त्यात ते तरुणपणी उतरले होते. चार दिवस आत होते. विधिमंडळाचा ठराव १९७८ चा, आणि प्रत्यक्ष नामविस्तार झाला १४ जानेवारी १९९४ ला. सोळा वर्षं. मुलाच्या पदवीवर त्याच विद्यापीठाचं नाव आहे, आणि त्या नावासाठी बाप तुरुंगात बसला होता हे मुलाला माहीत नव्हतं. घरात तो विषय कधी निघालाच नव्हता.

आम्ही नवा फॉर्म भरला. 'होय' लिहिलं. 'होय' म्हटलं की खाली खुलाशाला चौकट उघडते. त्यात साध्या इंग्रजीत लिहिलं: विद्यार्थी आंदोलन, शांततेने केलेला सत्याग्रह, चार दिवस, खटला नाही, शिक्षा नाही. ते मुलाखतीला गेले. अधिकाऱ्याने त्याबद्दल विचारलं आणि त्यांनी मान ताठ ठेवून सांगितलं. व्हिसा मिळाला. नसता मिळाला तरी मी तेच लिहायला सांगितलं असतं. आणीबाणीत आत गेलेले, शेतमालाच्या भावासाठी रस्त्यावर बसून पकडले गेलेले असे कितीतरी बाप आज सत्तरीत आहेत. तुमचा त्यातला आहे का, हे तुम्हाला खात्रीने माहीत आहे का?

आजारपणाचंही विचारा. एका आजोबांना तरुणपणी क्षय झाला होता, म्हणून ते 'होय लिहा, खोटं नको' म्हणत अडून बसले. तिथला प्रश्न आज अंगात असलेल्या संसर्गजन्य रोगाबद्दल आहे, क्षयाच्या बाबतीत तो सक्रिय असण्याबद्दल. पन्नास वर्षांपूर्वी बरा झालेला आजार त्यात येत नाही. हे त्यांना कुणी शांतपणे सांगितलं असतं तर दोन रात्री ते जागे राहिले नसते.

आता एक गोष्ट जरा कडक शब्दांत सांगते, कारण तिच्यात नुकसान मोठं आहे. तुमच्यापैकी काही जण अमेरिकेचे नागरिक झाले आहात. कधीतरी आई-बाबांच्या ग्रीन कार्डासाठी आय-१३० अर्ज टाकला असेल, पुढे विचार बदलला असेल, अर्ज तसाच पडून असेल. डीएस-१६० मध्ये सरळ विचारलेलं आहे: 'तुमच्यासाठी कुणी कधी स्थलांतराचा अर्ज केला आहे का?' इथे 'नाही' लिहू नका. अर्ज सोडून दिला असला तरी उत्तर 'होय'च. तो अर्ज त्यांच्याच सरकारकडे जमा आहे, तो त्यांना दिसणारच. जाणूनबुजून खोटी माहिती दिली असं ठरलं तर माणसाला अमेरिकेचं दार कायमचं बंद होऊ शकतं, आणि ते तुमच्या आईला बंद होईल, तुम्हाला नाही. 'होय' लिहिल्यावर अडचण येऊ शकते, हे खरं आहे. त्यांचा कायदा, कलम २१४ (बी), प्रत्येक पाहुण्याला आधी कायमचा राहायला येणारा समजतो, आणि तसं नाही हे पाहुण्याने पटवून द्यायचं असतं. नकाराविरुद्ध अपील नाही, फीचे १८५ डॉलर परत मिळत नाहीत, पुन्हा जायचं तर पुन्हा नवा फॉर्म, पुन्हा फी. तरी खरं लिहून आलेला नकार पुढच्या वेळी पुसता येतो.

आईच्या कामाच्या रकान्याकडे तुमचं लक्ष नसतं, आणि मला त्याचं सगळ्यात जास्त वाईट वाटतं. 'गृहिणी.' एवढं लिहून तुम्ही पुढे सरकता. एका मुलीची आई वीस वर्षं पोळी-भाजी केंद्र चालवत होती. हाताखाली चार बाया. मुलीच्या इंजिनिअरिंगची फी त्याच पोळ्यांतून गेली. फॉर्मवर ती गृहिणी. मुलाखतीत 'काय करता' विचारल्यावर ती बाई 'पोळी-भाजी केंद्र आहे माझं' असंच सांगणार, अभिमानाने सांगणार, आणि समोरच्याच्या पडद्यावर वेगळंच दिसणार. शिवाय विचार करा, परत का याल याचं तिच्याजवळचं सगळ्यात भक्कम उत्तर तेच तर होतं. चालता धंदा आहे, चार बायांचे पगार आहेत. ते तुम्ही तिच्या हातून काढून घेतलंत. शेतावर राबणारी आई, घरी शिवणकाम करणारी आई, अंगणवाडीतून निवृत्त झालेली आई, या सगळ्या त्या एका शब्दात बुजवू नका.

भाषेचंही तसंच. येणाऱ्या भाषांच्या यादीत आईच्या नावापुढे इंग्रजी घालता. कशासाठी? मुंबईच्या कॉन्सुलेटमध्ये मराठीतून मुलाखत देता येते. आईला तिच्या भाषेत बोलू द्या. तिला 'आय अ‍ॅम गोइंग फॉर टुरिझम' घोकायला लावू नका. ती लेकीच्या बाळंतपणात सोबत करायला निघाली आहे, नातवंडाला मांडीवर घ्यायला निघाली आहे, आणि ते सांगण्यात काही गुन्हा नाही. घरच्यांना भेटायला जाणं हे त्या व्हिसाचं रीतसर कारण आहे. राहण्याचा काळही खरा लिहा. सहा महिन्यांना एक दिवस कमी असा आकडा मी इतक्या फॉर्मवर पाहिलाय की आता नजर आधी तिथेच जाते. तीन महिने राहणार असतील तर तीन लिहा.

फोटो, त्याचा आकार, चष्मा काढायचा, पाठीमागे पांढरं, हे तुम्ही नीट करता. पाच वर्षांतले फोन नंबर आणि फेसबुकचं खातं मात्र त्यांनाच विचारा. बाबांनी मित्राच्या सांगण्यावरून काढलेलं एखादं खातं निघतंच.

हे सगळं आता अधिक महत्त्वाचं झालं आहे. पूर्वी ऐंशीच्या घरातल्यांना बहुधा मुलाखतीची सूट मिळायची. २ सप्टेंबर २०२५ पासून ती गेली. म्हणजे ८१ वर्षांचे आजोबाही लातूरहून रात्रीच्या गाडीने निघणार, मुंबईत एका ठिकाणी बोटांचे ठसे देणार, लॉजवर मुक्काम करणार आणि सकाळी बीकेसीत कॉन्सुलेटच्या रांगेला उभे राहणार. आत मोबाईल नेता येत नाही. तुम्हाला फोन लावून 'बाळा, इथं काय लिहिलं होतंस रे' असं विचारता येत नाही. त्या खिडकीपाशी त्यांच्याजवळ फक्त तेवढंच असतं जेवढं तुम्ही आधी त्यांना सांगितलेलं असतं.

म्हणून माझं मागणं फार मोठं नाही. तीन संध्याकाळी द्या. टेक्सासमध्ये रात्रीचे नऊ म्हणजे इकडे सकाळचे साडेसात-साडेआठ, आईचा चहा झालेला असतो. व्हिडिओ कॉल लावा, पडदा दाखवा, एकेक प्रश्न मराठीत वाचा आणि त्यांचं उत्तर ऐकून मगच लिहा. पहिल्या दिवशी नावं, जन्म, आई-वडील. दुसऱ्या दिवशी काम, प्रवास, तिकडचे नातेवाईक. तिसऱ्या दिवशी ती सुरक्षेची पानं, एकही न गाळता. अर्धवट फॉर्म साइटवर ३० दिवस राहतो, घाई कसलीच नाही. आणि शेवटचं बटण त्यांना दाबू द्या. जवळ कुणी भाचा-पुतण्या असेल तर त्याला लॅपटॉप घेऊन पाठवा, नसेल तर माझ्यासारखं कुणीतरी प्रत्येक गावात असतं.

त्या बाईंचं सांगायचं राहिलं. त्यांचा नवा फॉर्म आम्ही त्याच आठवड्यात भरायला बसलो. सुरुवातीला सुरक्षेसाठी एक प्रश्न निवडावा लागतो, म्हणजे पुढे फॉर्म पुन्हा उघडता येतो. यादीतला एक प्रश्न असा आहे: तुमच्या आईच्या आईचं नाव काय? पुष्कळ मुलं तिथे काहीतरी अक्षरं ठोकून देतात आणि मग तीही विसरतात. बाईंना मी तो प्रश्न वाचून दाखवला, त्यांनी चटकन नाव सांगितलं, मी लिहिलं. मुलगा फोनवर होता. आई-वडिलांच्या पानावर आलो तेव्हा त्याला कळलं की आजीचं खरं नाव काय होतं. तो तिला जन्मभर 'माई' म्हणत आलेला. "हे नाव होतं माईचं?" म्हणाला. मग माईची आई कोण, ती कुठल्या गावची, दुष्काळात ती माईला पाठीशी बांधून कुठे कामाला जायची, हे तो विचारत गेला आणि बाई सांगत गेल्या. मी मधे बोलले नाही. अर्धा तास कुणी कीबोर्डला हात लावला नाही, आणि साइटने आम्हाला बाहेर काढलं.

पुन्हा आत जायला फॉर्मचा क्रमांक टाकला, आडनावाची पहिली पाच अक्षरं टाकली, जन्माचं वर्ष टाकलं. मग तो प्रश्न परत आला. बाईंनी कीबोर्ड स्वतःकडे ओढला. मी एकेक इंग्रजी अक्षर सांगत गेले, आणि त्यांनी एका बोटाने, अक्षर शोधत शोधत, आपल्या आजीचं नाव लिहिलं.

आपली,
लातूरची एक निवृत्त शिक्षिका